ओत्ताविया पिक्कोलो : आधी संवादाविना भूमिका, मग चेहऱ्याविना आवाज

रंगपेटी

इटालियन अभिनेत्री म्हटलं की आपल्याकडे सोफिया लॉरेन, क्लाउदिया कार्दिनाले, फार तर मोनिका विती, इथवर गाडी येते आणि थांबते. ओत्ताविया पिक्कोलोबद्दल मराठीत काही लिहिलेलं माझ्या तरी वाचनात आलं नाही, म्हणून हा धागा. १९७० साली, वयाच्या विसाव्या वर्षी, तिला फ्रान्समधल्या कान या शहरातल्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. लुका रोंकोनी आणि जॉर्जो स्ट्रेलर या इटालियन रंगभूमीवरच्या दोन दिग्गजांनी तिला मोठ्या भूमिका दिल्या. टीव्हीवर ती घराघरात पोहोचली. आणि 'स्टार वॉर्स' या हॉलिवूडच्या अंतराळपटातली राजकन्या लेया इटलीने ऐकली ती तिच्याच आवाजात.

जन्म ९ ऑक्टोबर १९४९, गाव बोल्झानो, अगदी उत्तरेला आल्प्सच्या पायथ्याशी. रंगमंचावर आली १९६० मध्ये, हेलन केलरच्या बालपणावरच्या 'द मिरॅकल वर्कर' या नाटकाच्या इटालियन प्रयोगातून. दिग्दर्शक लुइजी स्क्वारत्सिना, शिक्षिका अ‍ॅनी सलिव्हनच्या भूमिकेत आन्ना प्रोक्लेमेर ही त्या काळची मातब्बर नटी, आणि हेलन म्हणजे ही दहा-अकरा वर्षांची पोर. हे नाटक ज्यांना माहीत आहे त्यांना आठवेल, हेलनला वाक्यच नाही. तिला दिसत नाही, ऐकू येत नाही, वस्तूंना नावं असतात हेच तिला ठाऊक नाही. जेवणाच्या टेबलावर शिक्षिकेशी झटापट होते, ताटल्या फुटतात, घशातून नुसते आवाज येतात. शेवटी हातपंपाच्या पाण्याखाली हात धरल्यावर तिच्या तोंडून 'पाणी' या शब्दाचा एक मोडका उच्चार फुटतो. सबंध नाटकात तिच्या वाट्याला शब्द म्हणाल तर एवढाच.

नटाची पहिलीच शिकवणी अशी व्हावी याला मी फार महत्त्व देते. तिची पुढची सगळी कारकीर्द मला त्या भूमिकेपाशी उलगडते. डबिंग म्हणजे दुसऱ्याच्या ओठांवर आपले शब्द बसवायचे, एवढंच आपण धरून चालतो. शब्द तर कागदावर तयारच असतात. नटाला भरून काढायचं असतं ते शब्दांच्या मधलं सगळं. धाप, गिळलेला आवंढा, बोलायला तोंड उघडून न बोलणं. ते ओत्ताविया शब्द हाती यायच्या आधीच शिकून बसली होती.

कानचा पुरस्कार मिळाला तो माउरो बोलोन्यिनीच्या 'मेतेल्लो'साठी. वास्को प्रातोलिनीच्या कादंबरीवरचा चित्रपट, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरचं फ्लोरेन्स, गवंड्यांचा संप. नायक मास्सिमो रानिएरी, म्हणजे नेपल्सचा लोकप्रिय गायक. ओत्ताविया त्याची बायको एर्सीलिया. चित्रपट नवऱ्याच्या नावाचा आहे, पण संपाच्या दिवसांत घर कुणाच्या जिवावर तगतं ते बघायचं असेल तर एर्सीलियाकडे बघावं लागतं. वेशभूषा आणि छायाचित्रण इतकं देखणं आहे की एखादी कच्ची नटी त्यात चित्रासारखी टांगून राहिली असती. ही तशी राहत नाही.

मग १९७७. 'स्टार वॉर्स'च्या इटालियन आवृत्तीचं डबिंग-दिग्दर्शन मारिओ माल्देसी यांच्याकडे होतं. स्टॅन्ली कुब्रिकच्या चित्रपटांच्या इटालियन आवृत्त्याही त्यांच्याच हातच्या. डबिंगच्या ठरलेल्या मंडळींच्या बाहेर जाऊन रंगभूमीवरचे, पडद्यावरचे नट माइकपुढे उभे करायची माल्देसींची पद्धत. हॅन सोलोला आवाज दिला स्तेफानो साता फ्लोरेस यांनी, तेही नावाजलेले नट. मुखवट्यातल्या खलनायक व्हेडरला मास्सिमो फोस्की. तरुण नायक ल्यूकला क्लाउदिओ कापोने. आणि लेयाला ओत्ताविया. कॅरी फिशर चित्रीकरणाच्या वेळी १९ वर्षांची होती, तिला मिळालेला हा आवाज २७-२८ वर्षांचा आणि कानचा मुकुट आधीच डोक्यावर असलेला. मूळ इंग्रजीत लेयाचा उच्चार हेलकावे खातो, अधिकाऱ्यांपुढे ती ब्रिटिश वळणाने बोलते आणि पुढे ते वळण सुटतं. इटालियनमध्ये मला ती पहिल्यापासून शेवटपर्यंत एकाच राजवाड्यात वाढलेली वाटते. हुकूम देताना तिचा आवाज चढत नाही, खाली येतो.

रंगभूमीबद्दल मुद्दामच थोडं लिहिलंय. इथे जाणकार आहेत, त्यांनी भर घालावी.

सांजवारा

फार सुंदर ओळख, रंगपेटीताई. 'मेतेल्लो' मी पाहिलाय तो एन्निओ मोर्रिकोनेच्या संगीतासाठी. नायिकेला कानचा पुरस्कार होता हे आज कळतंय. तिच्या टीव्हीवरच्या कामाबद्दल लिहा ना.

दुसरी_घंटा

रंगभूमीची हाक ऐकून आलो. दोन गोष्टी सांगतो, त्यांतली पहिली टीव्हीशीही जोडलेली आहे.

रोंकोनीने १९६९ मध्ये स्पोलेतोच्या महोत्सवात आरिओस्तोचं 'ऑर्लांदो फुरिओसो' हे सोळाव्या शतकातलं महाकाव्य नाटक म्हणून उभं केलं. एका जुन्या चर्चमध्ये. बसायला खुर्च्या नाहीत, प्रेक्षक मोकळ्या जागेत उभे, आणि त्यांच्या मधून चाकांचे गाडे ढकलत नट येतात. दोन-दोन, तीन-तीन प्रवेश एकाच वेळी चालू. कुठला बघायचा ते तुमचं तुम्ही ठरवा. युरोपभर या प्रयोगाचा गाजावाजा झाला. पुढे रोंकोनीनेच १९७५ मध्ये 'राई'साठी, म्हणजे इटलीच्या सरकारी वाहिनीसाठी, त्याची पाच भागांची मालिका केली. बरंचसं चित्रीकरण काप्रारोलाच्या फार्नेसे प्रासादात. त्या मालिकेत आंजेलिका आहे ओत्ताविया पिक्कोलो. आंजेलिका म्हणजे जिच्या मागे निम्मं जग धावतंय आणि जी कुणाच्या हाती लागत नाही अशी पूर्वेकडची राजकन्या. तिने दुसऱ्यालाच वरलं हे कळल्यावर काव्याचा नायक ऑर्लांदो याला वेड लागतं. त्याचं हरवलेलं भान परत आणायला आस्तोल्फो नावाचा वीर थेट चंद्रावर जातो.

आता गंमत बघा. या मालिकेत ऑर्लांदो कोण? मास्सिमो फोस्की. म्हणजे १९७५ मध्ये इटलीच्या प्रेक्षकांनी ज्याला या राजकन्येपायी वेडा होताना पाहिलं, तोच नट दोन वर्षांनी व्हेडरच्या मुखवट्याआडून तिची उलटतपासणी घेतोय. माइकपुढच्या दोघांनीही आरिओस्तोचं अष्टपदी छंदातलं काव्य तोंडात घोळवलेलं होतं. 'स्टार वॉर्स' मुळात राजकन्या आणि सरदारांची जुन्या वळणाची कहाणीच आहे. तिच्यासाठी याहून चांगली तालीम कुठली असणार?

दुसरी गोष्ट स्ट्रेलरची. मिलानच्या पिक्कोलो तेआत्रोमध्ये १९७२ मध्ये त्याने 'किंग लियर' केलं (थिएटरच्या आणि हिच्या नावातलं साम्य निव्वळ योगायोग). लियर तीनो कार्रारो. मंचावर सर्कशीचं रिंगण आणि पायाखाली चिखल. ओत्तावियाला त्याने दोन भूमिका दिल्या. धाकटी मुलगी कॉर्डेलिया तीच आणि विदूषकही तीच. शेक्सपियरने ही दोन पात्रं कधी समोरासमोर आणलेलीच नाहीत. एक जाते तेव्हा दुसरं येतं, दुसरं नाहीसं होतं आणि पहिली परतते. एकाच नटाने दोन्ही करायची ही शक्यता अभ्यासक पूर्वीपासून मांडत आलेत. पण प्रत्यक्षात एकाच शरीरातून हे दोन आवाज काढायचे म्हणजे काय कसरत आहे! कॉर्डेलिया अशी की प्रेमाचं प्रदर्शन करायला सांगितलं तर गप्प राहते. विदूषक असा की त्याची जीभ थांबत नाही. मुलगी जे बोलली नाही ते सगळं विदूषक बोलतो. म्हातारा ऐकतो मात्र दोघांपैकी कुणाचंच नाही.

रंगपेटी, तुमचा हेलन केलरचा मुद्दा मला इथे पुन्हा दिसतो. गप्प बसण्यावर ताबा असलेली नटी हवी होती, ती स्ट्रेलरला मिळाली.

रंगपेटी

दुसरी_घंटा, असा प्रतिसाद मिळतो म्हणून धागा काढावासा वाटतो. फोस्कीचं नाव मी यादीत टाकून पुढे गेले होते, तुम्ही त्याचं सोनं केलंत.

सांजवारा, टीव्हीबद्दल. तिकडच्या मध्यमवयीन मंडळींना ती सगळ्यात जास्त आठवते ती 'क्यारा ए लि आल्त्री' या १९८९ मध्ये सुरू झालेल्या मालिकेतली आई म्हणून. आईवडील विभक्त, मुलं त्यांना पुन्हा एकत्र आणायच्या खटपटीत. वडील म्हणजे आलेस्सांद्रो हाबेर. आजही इटालियन वर्तमानपत्रात तिच्यावर लेख आला की ही मालिका आणि लेया यांचा उल्लेख हटकून असतो, कान आणि स्ट्रेलर त्यानंतर. माझं मत विचाराल तर टीव्हीने तिला प्रेम दिलं, भूमिका रंगभूमीनेच दिल्या.

मूळध्वनी

लेख चांगला आहे, पण डबिंगचं हे कौतुक मला पटत नाही. स्पष्टच लिहितो.

इटलीतलं डबिंग ही कलेची हौस म्हणून सुरू झालेली गोष्ट नाही. १९३० मध्ये मुसोलिनीच्या राजवटीने परक्या भाषेतले संवाद पडद्यावर ऐकवायला बंदी केली. १९३३ मध्ये फर्मान निघालं की डबिंग इटलीतच, इटालियन लोकांकडूनच व्हायला हवं. परकी भाषा प्रजेच्या कानावर पडू नये आणि नको ते संवाद वाटेतच बदलता यावेत, ही सोय. राजवट गेली, सवय राहिली. तीन पिढ्यांनी ग्रेटा गार्बोचा खरा आवाज ऐकला नाही.

दुसरं, यात स्वतःच्या घरच्या नट्यांवरही अन्याय झाला. क्लाउदिया कार्दिनाले ट्युनिसमध्ये वाढलेली, बोलायची फ्रेंच, आवाज घोगरा. सुरुवातीच्या चित्रपटांत तिच्या तोंडी दुसऱ्याच बायकांचे आवाज. तिचा स्वतःचा आवाज पहिल्यांदा ठेवला तो फेलिनीने १९६३ च्या 'साडेआठ'मध्ये. आणि त्याच वर्षीच्या विस्कोंतीच्या 'इल गात्तोपार्दो'मध्ये पुन्हा आवाज दुसरीचाच, सोल्वेग दास्सुंता यांचा. एका माणसाचा आवाज काढून दुसऱ्याचा बसवायचा आणि त्याला अभिनय म्हणायचं? कॅरी फिशरचा उच्चार हेलकावे खात असेल तर खाऊ दे. तो तिचा आहे.

हेडफोनवाली

मूळध्वनी, तुमचा राग समजतो, इतिहासही खरा आहे. पण त्या काचेच्या आत उभं राहून काम केलेली बाई म्हणून थोडं लिहिते. मी मुंबईत हिंदी आणि मराठी डबिंग करते.

इटलीत पूर्वी फिल्मचे छोटे तुकडे कापून प्रत्येक तुकड्याची दोन टोकं जोडायचे. त्या कड्याला ते आनेल्लो म्हणतात. प्रोजेक्टरवर तो तुकडा पुन्हा पुन्हा फिरत राहायचा. अंधाऱ्या खोलीत स्टँडवर कागद, समोर पडदा, आणि तेच दृश्य पाचदा, दहादा. पहिल्या फेऱ्यांत नट काही बोलतच नाही, नुसतं बघतो. ओठ कुठे मिटतात. प, ब, म कुठे येतात, कारण तिथे चूक झाली तर ती कुणालाही दिसते. मान कुठे वळते, श्वास कधी छातीत भरला. मग कुजबुजत एक फेरी. मग टेक. आता सगळं संगणकावर आहे, प्रत्येक कलाकार आपापला वेळ घेऊन एकटाच येतो. त्या काळी प्रवेशातले सगळे नट एका माइकभोवती उभे राहून एकमेकांना उत्तरं द्यायचे. ते मला लाभलं नाही, त्याचा हेवा वाटतो.

माझ्या अनुभवात सगळ्यात अवघड असतं ते रडणं नाही, ओरडणं तर नाहीच. धावत येऊन बोलायचं असतं ते सगळ्यात अवघड. पडद्यावरची बाई जिना चढून आलेली असते, मी मात्र जागेवरून हलू शकत नाही, कारण हलले की माइकपासूनचं अंतर बदलतं आणि पायांचा आवाजही येतो. मग पोट आवळून, खांदे स्थिर ठेवून ती धाप आतल्या आत तयार करावी लागते, आणि त्या धापेत वाक्य बसवावं लागतं. ही कसरत रंगभूमीवरच्या नटाला लवकर साधते, कारण शेवटच्या रांगेपर्यंत श्वास पोहोचवायची त्याला सवय असते. म्हणून ओत्तावियाची निवड मला अजिबात आश्चर्याची वाटत नाही.

आणि आपल्याकडेही हे आहेच की. 'बाहुबली'च्या हिंदी आवृत्तीत प्रभासला शरद केळकरांचा आवाज आहे, 'पुष्पा'मध्ये अल्लू अर्जुनला श्रेयस तळपदेंचा. हिंदी प्रेक्षकाने त्या माणसांवर जो जीव लावला त्यात या दोघांचा वाटा नाही, असं कुणी म्हणेल का?

मूळध्वनी

हेडफोनवालीताई, कष्ट कुणी नाकारत नाही. तुमचा प्रतिसाद वाचून धापेबद्दल मी कधी विचार केला नव्हता हे जाणवलं. माझा आक्षेप पर्याय न ठेवण्यावर आहे. मूळ आवाज उपशीर्षकांसह उपलब्ध असेल तर डबिंग खुशाल करा. इटलीत कित्येक दशकं तो पर्यायच नव्हता.

मिलानोकर

इथे इटलीत नोकरीनिमित्त स्थायिक आहे, म्हणून थोडी प्रत्यक्ष माहिती. आजही थिएटरात परदेशी चित्रपट लागतो तो मुख्यतः डब केलेलाच. मूळ भाषेतले खेळ मोठ्या शहरांत मिळतात, तेही मोजके. पण एक फरक नोंदवायला हवा. इथे डबिंग कलाकार अनामिक नसतो. लोकांना नावं पाठ असतात. एखादा गेला की बातमीत येतं, अमक्याचा आवाज गेला. त्यांची संघटना आहे, २०२३ च्या सुरुवातीला त्यांनी संप केला होता. जुनाट झालेला करार आणि कृत्रिम बुद्धिमत्तेने आवाजांची नक्कल होण्याची भीती ही त्यामागची कारणं. तेव्हा 'मेतेल्लो'मधला संप आणि हा संप यांत लोकांना वाटतं तितकं अंतर नाही.

दुसरं म्हणजे, इथे स्वतःच्या देशातले चित्रपटही अनेक दशकं नंतर आवाज भरूनच पुरे व्हायचे. फेलिनी तर काही वेळा नटांना चित्रीकरणात नुसते आकडे म्हणायला लावायचा, संवाद मागाहून. त्यामुळे चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा, याचा इथल्या प्रेक्षकाला धक्का बसत नाही.

रंगपेटी

मूळध्वनी, मी तुमच्याशी अर्ध्या वाटेपर्यंत येते. सक्तीचं समर्थन करायचा प्रश्नच नाही, आणि कार्दिनालेचा आवाज झाकला गेला ही हानीच आहे. पण राजवटीने दार लावून घेतलं म्हणून आत अडकलेल्यांनी जे घडवलं ते कमअस्सल ठरत नाही.

तुम्ही 'इल गात्तोपार्दो'चं नाव काढलंत तर एक सांगायलाच हवं. त्यात राजपुत्र सालिनाच्या मुलींपैकी एक, कातेरिना, ही आपली ओत्ताविया आहे, बारा-तेरा वर्षांची. बाप झालाय बर्ट लँकेस्टर. सेटवर लँकेस्टर इंग्रजी बोलतोय, आलाँ दलाँ फ्रेंच, बाकी मंडळी इटालियन. इटालियन आवृत्तीत लँकेस्टरला आवाज दिला कोर्रादो गाइपा यांनी. सिसिलीतल्या उतरत्या सरंजामदाराचा तो भारदस्त, थकलेला सूर त्यांचा आहे. आणि १९७७ मध्ये 'स्टार वॉर्स'मधल्या ओबी-वॅन केनोबी या वृद्ध योद्ध्याचा आवाज कुणाचा? त्याच गाइपांचा. लेया यंत्रमानवाच्या पोटात निरोप साठवून मदतीची याचना करते, तो निरोप ऐकणारा म्हातारा म्हणजे चौदा वर्षांपूर्वीच्या तिच्या पडद्यावरच्या वडिलांचा आवाज. प्रेक्षकांतल्या कितीजणांना ते उमगलं असेल कोण जाणे, मला मात्र तो प्रवेश आता वेगळाच ऐकू येतो.

आणखी एक. २०१५ मध्ये लेया पडद्यावर परत आली, आता सेनापती म्हणून, तेव्हाही इटालियन आवाज ओत्तावियाचाच. साता फ्लोरेस १९८५ मध्ये गेले, कापोने २००८ मध्ये. पहिल्या तीन तरुण आवाजांपैकी ती एकटी उरली होती. पुढचा चित्रपट डिसेंबर २०१७ मध्ये आला, कॅरी फिशरला जाऊन वर्ष होत आलं होतं. म्हणजे ही अडुसष्ट वर्षांची बाई माइकपुढे उभी राहून जी आता बोलू शकत नाही तिच्या ओठांवर शब्द ठेवतेय. मूळध्वनी, तुम्ही म्हणता तो आवाज काढून घेण्याचा आरोप मला या जागी लागू होताना दिसत नाही.

दुसरी_घंटा

तिच्या उत्तरायुष्यातल्या कामाबद्दल अजून कुणी लिहिलं नाही, म्हणून पुन्हा आलो. स्तेफानो मास्सिनी या नाटककाराबरोबर तिची जोडी जमली आणि माझ्या मते तिचं सगळ्यात धारदार काम तिथे आहे.

आन्ना पोलित्कोव्स्काया ही चेचन्याच्या युद्धाबद्दल लिहिणारी रशियन पत्रकार, ७ ऑक्टोबर २००६ रोजी मॉस्कोत तिच्या इमारतीच्या लिफ्टमध्ये गोळ्या घालून मारली गेली. तिच्यावर मास्सिनीने 'दोन्ना नोन रिएदुकाबिले' हे नाटक लिहिलं. ओत्ताविया ते एकटी करायची, सोबतीला मंचावर फक्त हार्पवादक फ्लोरालेदा साक्की. पोलित्कोव्स्काया साकारायचा, तिच्यासारखं दिसायचा, बोलायचा अट्टहास नाही. कुणीतरी तिच्या नोंदी आपल्यापुढे ठेवतंय, इतकंच.

आणि दुसरं 'सात मिनिटं'. फ्रान्समधल्या एका कारखान्यात खरोखर घडलेल्या घटनेवरून सुचलेलं. कारखाना विकला गेलाय, अकरा कामगार बायका प्रतिनिधी म्हणून बसल्यात. नवे मालक कुणाला काढणार नाहीत, पगार कापणार नाहीत. मागणी फक्त एक, पंधरा मिनिटांच्या विश्रांतीतली सात मिनिटं सोडा. दहाजणींना सुटल्यासारखं वाटतं. एकटी ब्यांका म्हणते, थांबा, याचा विचार करूया. ती ब्यांका ओत्ताविया. आधी आलेस्सांद्रो गास्समानच्या दिग्दर्शनात रंगमंचावर, मग २०१६ मध्ये मिकेले प्लाचिदोच्या चित्रपटात.

सांजवारा

'सात मिनिटं'चं कथानक वाचून पहिली प्रतिक्रिया हीच आली की देऊन टाका ना सात मिनिटं, नोकरी तर राहतेय! आमच्या घरी गिरणी संपाची झळ लागलेली आहे, त्यामुळे असेल.

दुसरी_घंटा

सांजवारा, नाटकातल्या दहाजणी नेमकं हेच म्हणतात, आणि मास्सिनी त्यांना मूर्ख ठरवत नाही. प्रत्येकीला कारण आहे. कुणी निर्वासित आहे, कुणाला पोर होणार आहे. ब्यांकाचा हिशेब वेगळा. ती म्हणते ही सात मिनिटं कारखान्यातल्या सगळ्या बायकांच्या संख्येने गुणा, मग मालकाला महिन्याकाठी किती तास फुकट मिळतात ते दिसेल. आणि आज हे दिलं तर उद्या काय मागतील? एर्सीलिया आणि ब्यांका यांच्यात सेहेचाळीस वर्षांचं अंतर आहे. पहिलीत ती संपकऱ्याची बायको होती. दुसरीत निर्णय तिच्या मताशी येऊन अडलाय.

सांजवारा

गुणाकार डोक्यात आला नव्हता. चित्रपट शोधते.

मूळध्वनी

मीही. पण उपशीर्षकांसह, मूळ इटालियन आवाजात. या बाईला तरी तिच्याच आवाजात ऐकायचं आहे.

रंगपेटी

मूळध्वनी, तसंच बघा. क्रम विचाराल तर आधी 'मेतेल्लो', मग 'सात मिनिटं'. क्लोद सोतेचा १९७६ चा 'मादो'ही चुकवू नका, तो फ्रेंच आहे आणि मिशेल पिकोलीसमोर ती शीर्षक भूमिकेत आहे. आणि 'स्टार वॉर्स' घरी असेल तर भाषेच्या यादीत बहुधा इटालियन सापडेल. अल्देरान ग्रह नष्ट करायची धमकी देतात तो प्रवेश आधी इंग्रजीत बघा, लगेच इटालियनमध्ये. दोन्ही ऐकून मग इथे येऊन भांडा, मी आहेच.

हेडफोनवाली, तुम्ही मराठी डबिंगच्या आजच्या परिस्थितीवर वेगळा धागा काढाल का? मानधन, श्रेयनामावलीत नाव येतं की नाही, नव्या मुलांना शिकवतं कोण, हे सगळं वाचायला आवडेल.

हेडफोनवाली

काढते. श्रेयनामावलीपासूनच सुरुवात करीन. त्यावर बोलण्यासारखं पुष्कळ आहे.